उकडलेला कौल

धरणाच्या कडेनं ताम्हिणीकडं जाणारा रस्ता जिथं मोठं वळण घेतो, तिथल्या मोकळ्या प्लॉटवर त्या दिवशी एवढी माणसं जमली होती की एस.टी.चा ड्रायव्हर गाडी हळू करून कंडक्टरला म्हणाला, "कुणाची तरी मोजणी फिसकटली वाटतं." या भागात जमिनीच्या मोजणीशिवाय एवढी गर्दी होत नाही, हे त्याला अनुभवानं ठाऊक होतं. पण ही गर्दी गप्प होती. मांडवात हिरवी शाल पांघरलेला एक गुबगुबीत माणूस हिरव्या खुर्चीवर बसला होता आणि सगळे डोळे त्याच्या पुढ्यातल्या काचेच्या भांड्याला चिकटले होते.

हे हरितानंद महाराज. लोक त्यांना हिरवेबाबा म्हणत. त्यांच्या डाव्या हाताला एक टोपली होती आणि टोपलीत मुठीएवढे तपकिरी, वाळके गोळे. चुलीत पेटवण घालायलाही कुणी उचलले नसते.

बाबांनी एक गोळा उचलून कुस्करल्यासारखा केला. करकर आवाज झाला.

"मेलं की नाही?"

"मेलं!" मांडव म्हणाला.

"डॉक्टर याला काय लिहून देईल? डेथ सर्टिफिकेट! पण हिरव्याच्या दरबारात डेथ नाही." बाबांनी खुर्चीखालची सीलबंद पाण्याची बाटली काढली, दोन घोट घेतले, परत खाली ठेवली. "शरीर म्हणजे काय? पेशी. आणि पेशी म्हणजे काय? जी पिते ती पेशी! अमेरिकेनं मान्य केलंय. जुनं सडकं पाणी बाहेर काढा, देह वाळवा, मग कृपेचं पाणी घाला. कॅन्सर असो, किडनी असो, शुगर असो. हिरवं होणार म्हणजे होणार!"

गोळा भांड्यातल्या पाण्यात पडला. पेटीवाल्यानं भजन धरलं. एक संपलं, दुसरं सुरू झालं, आणि तेवढ्यात गोळ्याची बोटं सुटायला लागली. एकेक फांदी मागं सरत गेली, आतला हिरवा रंग बाहेर आला आणि घटकाभरापूर्वी सरपणात जमा झालेली ती वस्तू पाण्यावर हाताच्या पंजासारखी पसरली. बायकांनी पदर डोळ्यांना लावले.

पहिल्या रांगेत कुशाबा बसला होता. त्याच्या मांडीला टेकून चौदा वर्षांची नात रेश्मा.

आता कुशाबाबद्दल एवढं सांगायला हवं, की त्याला फसवणं हे सोपं काम नव्हतं. पुण्याहून जमीन बघायला येणाऱ्यांचे तो आधी बूट बघायचा. बूट कोरे असले की म्हणायचा, "हा एजंट हाय. खऱ्या घेनाऱ्याच्या बुटाला चिखल असतोय, कारण त्यो आधी एकटा येऊन बघून गेलेला असतोय." घराच्या वरच्या मजल्यावर त्यानं पिरंगुटच्या कारखान्यातल्या पोरांसाठी खोल्या काढल्या होत्या, कोणतं पोर न सांगता पळणार हे तो त्याच्या चपलांच्या झिजण्यावरून ओळखायचा. मागच्या वर्षी गावात कावीळ आली तेव्हा त्यानं अख्ख्या आळीला पाणी उकळून प्यायला लावलं होतं. जो ऐकणार नाही त्याच्या दारात उभा राहून शिव्या घातल्या होत्या. आळीतली कावीळ हटली ती या शिव्यांनी.

तर असा माणूस मांडवात आला तो तयारीनं. त्यानं घरून स्वतःची परात आणली होती आणि स्वतःच्या विहिरीचं पाणी.

"म्हाराज, राग मानू नका," तो उठून म्हणाला. "पर पाणी माझं, परात माझी, अन् गोळाबी मीच निवडनार. टोपलीच्या तळातला."

मांडवात कुजबुज झाली. बाबा मात्र हसले, बाटलीतून घोट घेतला. "निवड बाबा, निवड. संशय हीसुद्धा एक भक्तीच आहे."

कुशाबानं तळातला गोळा काढला. त्यानं बाबांच्या बाह्यासुद्धा झटकून पाहिल्या. आणि त्याच्या परातीत, त्याच्या विहिरीच्या पाण्यात, त्याच्या नाकासमोर गोळा उघडला.

तिथं कुशाबाचा हिशेब चुकला. त्यानं पाणी तपासलं, परात तपासली, बाह्या तपासल्या. झाडाला मात्र एक प्रश्न विचारला नाही. झाड काही लबाडी करत नव्हतं. लबाडी शेजारच्या खुर्चीत बसली होती. पण ज्याला सगळं तपासल्याचं समाधान मिळतं, तो न तपासणाऱ्यापेक्षा खोल बुडतो. कुशाबानं तिथंच डोकं टेकलं.

"हिला काय आहे?" बाबांनी रेश्माकडं पाहिलं.

"शुगर, म्हाराज. दीड वरीस झालं. जेवायच्या आधी सुई, झोपायच्या आधी सुई. पोटात टोचून घेतीया आपल्या हातानं."

"डॉक्टर काय म्हणतो?"

कुशाबानं नातीच्या डोक्यावर हात ठेवला. "म्हनतोय, जन्मभर."

"जन्मभर!" बाबा मांडवाकडं वळले. "ऐकलंत? जन्मभराचं गिऱ्हाईक! अहो, बरं केलं तर धंदा बुडेल ना!"

हे वाक्य कुशाबाच्या बरोबर वर्मी बसलं. धंदा त्याला कळत होता. दीड वर्षं तो या 'जन्मभर'शी एकटा झुंजत होता. देवळात, दवाखान्यात, झोपेत. पोरगी नाचायची, अभ्यासात पुढं होती, आणि गावातल्या बायका आत्तापासून म्हणत होत्या, "सुईवाली पोर कोन पदरात घेनार?" आज पहिल्यांदा कुणीतरी सांगितलं होतं की हा शब्दच खोटा आहे.

बाबांनी विधी सांगितला. सुया आणि औषधाच्या बाटल्या तांब्याच्या हंड्यात अर्पण करायच्या. अन्न बंद. पाणी बंद, सकाळ-संध्याकाळ पळीभर तीर्थ, बस. "सुकल्याशिवाय हिरवं कसं होणार? देह आतलं पाणी फेकायला लागेल, घाबरायचं नाही. फेकतोय म्हणजे काम होतंय." आणि एक वाळका गोळा पिवळ्या फडक्यात बांधून कुशाबाच्या ओंजळीत ठेवला. "हा पोरीच्या नावाचा. अमावस्येला शुद्ध पाण्यात सोड. उघडला तर पोरगी हिरवी झाली. नाही उघडला, तर घरात कुणाची तरी श्रद्धा कमी पडली."

देवाला पाकळी लावून ती कुठल्या बाजूनं पडते यावर कौल मागतात, तसाच हा कौल. फरक एवढाच, की देवाचा कौल चुकला तर देव गप्प राहतो. इथं चूक आधीच घरच्यांच्या नावावर चढवून ठेवली होती.

---

"मामंजी, तुमच्या पाया पडते," सून कमळ दारातच आडवी झाली. "डॉक्टरनं सांगितलंय, एक दीस सुई चुकली तरी जिवावर बेतंल."

"डॉक्टरला गिऱ्हाईक पायजे," कुशाबा म्हणाला. हे वाक्य आता त्याचं झालं होतं.

कमळनं नवऱ्याला फोन लावला. दत्ता ट्रेलर घेऊन गुजरातेत होता. फोनवर वाऱ्याचा आणि हॉर्नचा आवाज, आणि त्यातून तो म्हणाला, "आबा इतकं तपासून म्हनतोय म्हंजी कायतरी असंल. मी परवा येतो, तवर आबा म्हनंल तसं." तोवर सुया हंड्यात गेल्या होत्या. फ्रिजमधली औषधाची शेवटची बाटलीही.

पहिला दिवस रेश्मानं हसत काढला. आजोबांवर तिचा जीव होता. "आबा, मी हिरवी झाले की मला फांद्या फुटणार का?" दुसऱ्या दिवशी सकाळी ती पाचव्यांदा मोरीकडं गेली तेव्हा हसत नव्हती.

"आबा, पाणी."

"पळीभर दिलं न्हवं, बाळा."

"अजून. घसा चिकटलाय."

"लगवी लई होतीया न्हवं? म्हंजी जुनं पानी चाललंय. म्हाराज म्हनले तसंच होतंय." तो तिला समजावत होता की स्वतःला, ते सांगणं अवघड आहे.

कमळनं चोरून तांब्या नेला. कुशाबाला दिसलं. त्यानं तांब्या काढून घेतला, स्वयंपाकघरातल्या माठाशेजारी घोंगडी टाकली आणि तिथं बसला. सुगीत भाताच्या खळ्यावर राखणीला बसतात तसा. या घरात याच माणसानं पाणी उकळून माठात भरायची शिस्त लावली होती. आता तोच माठ तो नातीपासून राखत होता. रेश्मा दाराच्या चौकटीला धरून उभी राहायची, माठाकडं बघायची, मग परत जायची. कुशाबा भिंतीकडं तोंड करून जप करायचा, म्हणजे ती दिसायची नाही.

दुपारी शाळेतल्या विज्ञानाच्या बाई आल्या, सुलक्षणा. कमळनंच बोलावलं होतं.

"आजोबा, हिचा श्वास बघा. किती खोल घेतेय."

"प्रानायाम म्हनत्यात त्याला."

"तोंडाला पिकलेल्या फळासारखा वास येतोय, तो..."

"म्हाराजांचा सेवेकरी येऊन गेला सकाळी. म्हनला, दैवी सुगंध हाय."

"आजोबा, तो विषाचा वास आहे! इन्सुलिन नाही म्हणून शरीर चरबी जाळतंय, त्याचं आम्ल रक्तात साठतंय. आत्ता गाडी काढा."

"बाई," कुशाबा उठला नाही, "तुमी शाळेत शिकवा. मी माझ्या डोळ्यानं बघितलंया, माझ्या परातीत. तुमी बघितलं का?"

"मी बघायला तयार आहे. पण आधी तिला..."

"तुमची श्रद्धा न्हाई. तुमच्या पायगुनानं कौल लागायचा न्हाई. जावा."

सुलक्षणाबाई गेल्या, पण घरी गेल्या नाहीत. त्या गाडी शोधायला गेल्या.

कुशाबा मात्र आता बोटांवर दिवस मोजायला लागला होता. अमावस्या चार दिवसांवर. पोरगी काही बोलेना. ओठ भातुकलीच्या मडक्यासारखे तडकलेले. त्यानं फडक्यातला गोळा काढला. अमावस्येपर्यंत थांबणं त्याच्यानं होईना. आत्ताच कौल लावू. लागला तर मन शांत होईल.

शुद्ध पाणी हवं. कुशाबाच्या लेखी शुद्ध म्हणजे उकळलेलंच. गेल्या वर्षी आळीभर हेच ओरडत फिरला होता. त्यानं पातेलं गॅसवर ठेवलं. पाणी खदखदायला लागलं आणि त्याचा धीर सुटला. गॅस बंद करायचं भान राहिलं नाही. गोळा तसाच उकळत्या पाण्यात सोडला, हात जोडले, डोळे मिटले आणि माहीत असलेल्या सगळ्या देवांची नावं एका दमात घेतली.

डोळे उघडले, तर गोळा उघडला होता.

वाफेतून पंजा पसरला होता, हिरवा.

"कमळे!" तो ओरडला. "कौल लागला! पोरगी हिरवी झाली गं! उघडला!"

आतून कमळचं किंचाळणं आलं. "मामंजी, रेश्मा डोळं उघडंना!"

दोन्ही हाका एकमेकींवर आपटल्या. कुशाबा पातेलं आणि दार यांच्या मध्ये उभा राहिला. इकडं कौल सांगत होता पोरगी बरी झाली. तिकडं आई सांगत होती पोरगी चालली. दोघांपैकी एक खोटं होतं. त्यानं पुन्हा पातेल्यात पाहिलं, आणि या वेळी भक्तासारखं नाही, भात पिकवणाऱ्यासारखं पाहिलं.

खाली गॅस चालू होता. पाणी खदखदत होतं. त्यात ती फांदी वरखाली नाचत होती. शिजत आलेल्या भाजीसारखी.

पन्नास वर्षं तो आंबेमोहराचं बी भिजवत आला होता. बी भिजलं की मोड येतो. पण तेच बी उकडलं तर? तेही फुगतं. वाळल्या दाण्यापेक्षा टपोरं दिसतं. आणि उभा जन्म मातीत ठेवलं तरी त्याला मोड येत नाही.

"हे मेलंय," तो स्वतःशी म्हणाला. "माझ्यासमोर मेलंय. अन् तरीबी उघडलंय."

मग उघडण्याचा आणि जगण्याचा संबंध काय उरला?

माठाजवळची घोंगडी पायात अडकली, ती त्यानं लाथेनं उडवली. तांब्या भरून आत धावला. "पाज तिला, पाज!"

"शुद्धीत न्हाई, घशात अडकंल!" कमळनं बोट बुडवून लेकीचे ओठ ओले केले. "गाडी, मामंजी, गाडी!"

गाडी दारात येतच होती. ती चालवत होता वरच्या खोलीतला भाडेकरू एकनाथ, सुलक्षणाबाईंनी कारखान्यातली पाळी सोडायला लावून आणलेला; पिरंगुटच्या दवाखान्यापर्यंत त्यानं हॉर्नवरचा हात काढला नाही. मागच्या सीटवर कुशाबानं नातीचं डोकं मांडीवर धरलं होतं. तो पिकल्या फळाचा वास आता त्याला सोसवत नव्हता.

---

दवाखान्यातल्या डॉक्टर क्षितिजा वयानं लहान आणि जिभेनं तिखट होत्या. सलाईन लागलं, इन्सुलिन सुरू झालं, मग त्या बाहेर आल्या.

"पाणी कुणी बंद केलं?"

"मी," कुशाबा म्हणाला.

डॉक्टरांनी त्याच्याकडं पाहिलं. काहीतरी जहरी ओठांवर आलं होतं, ते त्यांनी गिळलं. "उद्या सकाळपर्यंत मी काही सांगू शकत नाही," एवढंच त्या म्हणाल्या.

बाकावर कमळ त्याच्यापासून लांब बसली. मधल्या जागेत सुलक्षणाबाई. कुशाबा बाईंकडं वळला.

"बाई, ते उघडलं कसं?"

"आत्ता हे विचारायचंय?"

"व्हय. मला कळल्याबिगर ही रात सरायची न्हाई."

बाईंनी सुस्कारा सोडला. "उघडणं हा पानाच्या बांधणीचा खेळ आहे. पानाची एक बाजू पाणी पिऊन दुसरीपेक्षा जास्त फुगते आणि मिटलेलं पान सरळ होतं. त्याला जीव लागत नाही. मेलेली फांदीसुद्धा उघडते. तुम्ही उकडून दाखवलीत की."

"मग खरंच जिवंत असतं ते? वाळल्यालं?"

"असतं, आणि ती गंमत बाबाच्या गंमतीपेक्षा मोठी आहे. कमळ, चिक्कीचा पाक केलायस ना?"

कमळनं मान हलवली.

"ही वनस्पती वाळताना घाई करत नाही. पाणी कमी पडतंय असं कळलं की आधी आवराआवर करते. पानं मिटून घेते, म्हणजे आतलं हिरवं उन्हानं जळत नाही. पेशींमध्ये साखर साठवते. पाणी जसजसं जातं तसतसा त्या साखरेचा पाक घट्ट होतो, शेवटी काचेसारखा. चिक्कीत दाणे कसे जागच्या जागी धरलेले असतात? तसे पेशीतले नाजूक भाग धरून ठेवले जातात. मोडत नाहीत, एकमेकांना चिकटत नाहीत. पेशीची भिंत फाटत नाही. ओढणीसारखी घडी होते. श्वास जवळजवळ थांबतो. मग पाणी मिळालं की पाक विरघळतो, घडी उलगडते, काही बिघडलं असेल ते ती दुरुस्त करते, आणि कामाला लागते."

"म्हंजी ती मरतच न्हाई."

"नाही. मेलेलं परत येत नाही, आजोबा. ती नुसती थांबलेली असते."

"बियावानी," कुशाबा हळूच म्हणाला. "कणगीतल्या."

"अगदी तसंच! बहुतेक झाडांना ही युक्ती फक्त बियात साधते. या थोड्यांना पानातही साधते. तुमच्या डोंगराच्या कातळावर अशी झाडं आहेत. उन्हाळ्यात करपलेली दिसतात, पावसाळ्यात हिरवी."

कुशाबाला आठवलं. गुरं होती तेव्हा तो त्याच कातळावर बसून भाकरी खायचा. ती वाळकी बुचकी बुडाखाली करकरायची. गुरं विकली, गोठ्यावर खोल्या चढल्या, आणि कातळावर जाणं सुटलं. स्वतःच्या डोंगरावरची वस्तू त्यानं देव म्हणून परक्याच्या टोपलीतून घेतली होती.

"अन् मानसाला?" त्यानं विचारलं, उत्तर ठाऊक असताना.

बाईंनी काचेच्या दाराकडं पाहिलं. "माणसाकडे ती सोय कुठेच नाही. झाडाची साखर पेशीत बसून पेशी राखते. रेश्माची साखर रक्तात साचली होती. ती काही राखत नव्हती. अंगातलं पाणी ओढून लघवीवाटे बाहेर नेत होती. पोरगी आधीच आतून वाळत होती आणि..."

त्या थांबल्या. पुढचं वाक्य कुशाबानं पुरं केलं.

"अन् मी माठाची राखन करत हुतो."

कमळ तेव्हा पहिल्यांदा रडली.

---

सकाळी डॉक्टर क्षितिजांनी सांगितलं, "धोका टळत आलाय." दुपारी रेश्मानं डोळे उघडले. पहिला शब्द "पाणी" होता. नर्सनं चमच्यानं दिलं. कुशाबाला ते बघवलं नाही, आणि तिथून हलवलंही नाही. संध्याकाळी तो चौकीवर गेला. जादूटोणाविरोधी कायद्याखाली तक्रार घेणाऱ्या हवालदाराला म्हणाला, "सायेब, माझंबी नाव लिवा. सांगनारा त्यो, करनारा मी." हवालदारानं वर पाहिलं. असा तक्रारदार त्याला नवीन होता.

अमावस्येला मांडव खच्चून भरला. सगळ्यांच्या मांडीवर पिवळी फडकी. साध्या वेशातले दोन पोलीस मागं उभे. कुशाबा पुढं गेला. एका हातात झाकलेलं भगुणं, दुसऱ्या हातात परात, मागं सुलक्षणाबाई.

"या, या!" बाबांनी बाटलीतून घोट घेतला. "हा तो संशयी भक्त! विचारा त्याला, कौल लागला की नाही?"

"लागला," कुशाबा मोठ्यांदा म्हणाला. "कौल लागला त्याच घटकंला माझी नात बेसुद पडली."

बाबांनी बाटली खुर्चीखाली ठेवली.

"श्रद्धेत काही..."

"थांबा. आदी ह्ये बघू." कडेला चहावाल्याचा स्टोव्ह होता. त्यावर पातेल्यात पाणी खदखदत होतं. कुशाबानं टोपलीतला गोळा उचलून त्यात टाकला आणि चमच्यानं दाबून धरला. लोक खुर्च्यांवर चढले. भजन नव्हतं, पेटी नव्हती, आणि गोळा उघडला.

"पाहिलंत!" बाबा सावरले. "उकळत्या पाण्यातही जगतो! श्रद्धेनं उकळलं म्हणून!"

"बरं. बाई, तुमी टाका. तुमची श्रद्धा न्हाई."

सुलक्षणाबाईंनी दुसरा टाकला. तोही उघडला. मागून कुणीतरी फिसकन हसलं.

"आता सांगा," कुशाबा लोकांकडं वळला, "भाताचं बी उकडून पेरलं तर उगवंल का रं?"

"न्हाई," चार-पाच जण म्हणाले. हे सांगायला इथं कुणाला बाबा लागत नव्हता.

"मी माझ्या नातीच्या नावाचा कौल उकडला. उघडला, हिरवा दिसला. मेथी शिजवली तरी हिरवीच दिसती. त्यो गोळा आज कसा हाय बघा." त्यानं भगुण्यावरचं झाकण काढलं. काळपट लगदा आणि कुजकट वास. पुढच्या रांगेनं नाकाला पदर लावले. "अन् ह्यो दुसरा. तुमच्यातल्याच एकाकडनं घेतला, साध्या पान्यात ठेवला." परातीतला पंजा ताजा, टवटवीत. "दोनीबी उघडलं हुतं. जित्तं एकच हुतं. मग उघडन्याचा कौल काय कामाचा? आन् ह्यो जित्ताबी म्हाराजांच्या किरपेनं न्हाई. त्यो आपल्या अकलेनं वाळतोय अन् आपल्या अकलेनं हिरवा व्हतोय. आपल्या कातळावर जाऊन बघा."

"मांडवात पाखंड!" बाबा उठले. उठताना खुर्चीखालची बाटली पायानं लवंडली आणि घरंगळत कुशाबापाशी आली. तिच्यामागून आणखी एक. मग तिसरी.

कुशाबानं एक उचलली. अर्धी रिकामी होती.

"म्हाराज," तो अगदी साध्या आवाजात म्हणाला, "तुमी बोलायला बसला की दर दोन वाक्यांला पानी पिता. चांगलंच हाय, मानसाला लागतंच. मग माझ्या पोरीला पळीभर का सांगितलंत? आजपास्नं तुमी वाळा. हितंच बसा, मी राखन करतो. मला येती ती."

बाबांनी पोलिसांकडं पाहिलं नव्हतं. ते आता दिसले. शाल सावरून टेम्पोकडं निघालेले बाबा अर्ध्या वाटेत थांबवले गेले. टेम्पोत वाळक्या गोळ्यांची पोती रचलेली होती, बाजारात मिळतात तशीच.

गर्दी पांगायला लागली. काही बाबाला शिव्या देत होते, काही कुशाबाला. धोंडाबाई मात्र जागची हलली नाही. तिचा मुलगा लवासाकडं बांधकामावरून पडला तेव्हापासून कमरेखाली लुळा होता. तिच्या मांडीवरच्या पाण्याच्या वाटीत गोळा उघडलेला होता, हिरवागार.

"कुशाबा," ती म्हणाली, "तुजी नात वाचली. तुला दवा ठाव हुता, तू सोडला हुतास. माझ्या पोराला दवाच न्हाई म्हनत्यात. मग आमी जायाचं कुटं?"

कुशाबा तिच्यासमोर मातीत बसला.

"मला ठाव न्हाई, धोंडाबाई. डॉक्टरीन बाईकडं घेऊन जातो मी तुला. ती 'बरा हुईल' म्हनंलच असं न्हाई. पर ती जे म्हनंल ते का म्हनती, ह्ये इचारता येतं. उलटं इचारलं तर ती चिडंल, पर तुझी श्रद्धा कमी पडली असं म्हननार न्हाई. ज्याला इचारता येत न्हाई, त्याच्या हातात लेकरू द्यायचं न्हाई, एवढं मी शिकलोय. लई महाग शिकलोय."

धोंडाबाईनं गोळा कुशाबाच्या परातीत ठेवला आणि पदर झटकून उठली.

रेश्मा घरी आली. जेवणाआधी सुई, झोपायच्या आधी सुई; 'जन्मभर' हा शब्द घरात राहायला आला तो आला. कुशाबाला तो अजून टोचतो. पण तो आता त्याच्याशी भांडत नाही. बाबाचं 'बरं होईल' गोड होतं आणि डॉक्टरचं 'जन्मभर' कडू. पोरीला जगवलं ते कडूनं.

धोंडाबाईचा गोळा रेश्मानं फेकू दिला नाही. "आबा, त्याचा काय दोष?" म्हणून तिनं तो खापरात लावला. पाणी विसरलं की तो मिटतो, दिलं की उघडतो. येणाऱ्या-जाणाऱ्याला नवल वाटतं, आणि कुशाबा प्रत्येकाला तेच विचारतो, "उघडलं, बरं. पर उकडून बघितलंस का?"

आपणही हेच विचारायला शिकायचं आहे. डोळ्यांनी पाहिलं, हे खरंच. पण जे पाहिलं त्याचा अर्थ कुणी सांगितला आणि त्यात त्याचा काय फायदा, हेही पाहायला हवं. नवल वाटू द्यावं, अवश्य वाटू द्यावं. कातळावरचं ते वाळकं बुचकं नवल वाटण्याच्या लायकीचंच आहे. फक्त त्या नवलापायी औषध बंद करू नये, आणि तहानलेल्याचं पाणी तोडू नये.

कुशाबाच्या स्वयंपाकघरात माठाशेजारी आता घोंगडी नाही. तिथं एक तांब्या असतो. तो नेहमी भरलेला असतो, आणि तो भरायचं काम कुशाबा दुसऱ्या कुणाला करू देत नाही.